धुऱ्यावरचा राहिलेला सीन

९ ऑगस्ट ७६, आंजी

सुधाची शाळा लवकर सुटली म्हणून लिहायला बसवली. माझ्या नातवाची बायको. मास्तरीण आहे, त्यामुळं घरातही समोर फळा असल्यासारखं बोट हलवते. मी "मले" म्हणते, ती "मला" लिहिते. लिही बापा, शाई तुझी. नातवाचं नाव दिनकर. ती नुसतं दि. लिहिते, स्वतःचं सु. कंटाळा म्हणते, मला वाटते नवऱ्याचं नाव घ्यायची लाज.

दि. आज सरकारी गाडी घेऊन गावात आला. गाडीवर भोंगा, मागं पडदा. लहान कुटुंबाचं पिक्चर दाखवत फिरतो. त्यातलं थोडं त्यानंच काढलं आहे. एक बाप्या, एक बाई, दोन लेकरं, चौघंही परीटघडीच्या कपड्यात उगीच हसून राहतात. वेशीत गाडी दिसली अन् गावातले झाडून सारे बाप्ये ज्वारीत पळाले, नसबंदीवाले आले म्हणून. पडद्यासमोर मी, माझी सून शांता, अन् कोणाचं तरी गाढव.

"कसं वाटलं आजी?"

"बाई चांगली आहे. पण तिले म्हणा घरी जा, भाजी करपली असंल."

हसला नाही. म्हणाला, "मले हे नाई काढायचं. मले आपलं काढायचं आहे."

शांतानं, म्हणजे त्याच्या आईनं, ताट वाढलं. बाप लहानपणीच गेला याचा. दोघी बायांनी वाढवलं, अन् दोघींचंही ऐकत नाही.

५ डिसेंबर ७६

आपलं म्हणजे आम्हीच निघालो.

दि.नं सरकारी गाडी सोडली. मुंबईचा कोणी शिंदे म्हणून दोस्त, त्याच्याजवळ मागून आणलेला कॅमेरा. त्या कॅमेऱ्यात आवाज भरत नाही, नुसतं दिसणं भरते. बोलणं मग मुंबईत चिकटवतात म्हणे. गोष्ट अशी की एक पोरगा आजीशी भांडून गाव सोडतो. आजी मी. मला कोणी विचारलं नाही. सकाळी लुगडं पाहून म्हणाला, हेच ठेव, बदलू नको. महिनाभर हेच नेसायचं म्हणते पोट्टं.

हिरो नागपूरहून आणला होता. गोरा, केस कानावर. सकाळी टमरेल घेऊन वावरात गेला, तिथं धामण दिसली. धामण काही करत नाही. पण तोंडाला रंग लावलेला तसाच एस्टीत बसून गेला, टमरेलासकट. आमचं टमरेल.

आता दि. स्वतःच हिरो. केस त्याचेही तसेच वाढलेले आहेत, शांता रोज ओरडते.

११ डिसेंबर ७६

भांडणाचा सीन झाला. तो डोक्यावरची टोपी माझ्या पायाशी फेकतो अन् बोडक्यानं निघून जातो. पहिल्यांदा मी टोपी उचलून झटकली. "आजी, उचलायची नाई!" दुसऱ्यांदाही हात गेला. तिसऱ्यांदा सुधानं मागून माझा पदर धरून ठेवला, तेव्हा जमलं. शिंदे म्हणाला, आजी फार छान. खोटं बोलत असंल, पण मला चांगलं वाटलं. सु. म्हणते हे लिहू नका. लिही.

२२ जानेवारी ७७

कॅमेरा परत गेला. ज्याचा होता त्याला पाहिजे झाला.

सगळं झालं, एक राहिलं. शेवटचं. पोरगा कितीक वर्षांनी कापूस फुटलेल्या पांढऱ्या पऱ्हाटीतून परत येतो, अन् आजी वावराच्या धुऱ्यावर, बांधावर, उभी आहे. बस, एवढंच. तो येतो, ती पाहते. त्याच्याशिवाय बाकीचं कशाच्या कामाचं नाही म्हणतो दि. मी म्हटलं, तू पलीकडून ये, तुझं काढ, मग माझं काढ, अन् जोड. नाही म्हणाला. दोघं एकाच चौकटीत पाहिजेत.

पुढच्या हंगामात म्हणतो.

१५ नोव्हेंबर ७७

पऱ्हाटी फुटली आहे. धुऱ्यापासून नाल्यापर्यंत पांढरं. दि. मुंबईला गेला, शिंद्याला अन् कॅमेऱ्याला घेऊन येतो.

इकडं मी अंगणात मिरच्या पसरवत होते, तर कावळा येऊन डोक्यावर बसला. नुसता बसला नाही, नीट पाय रोवून बसला. शांतानं किंकाळी फोडली.

"आत्याबाई, डोक्यावर बसला वं!"

"मले माहीत आहे. डोकं माझंच आहे."

डोक्यावर कावळा बसला की माणूस जाते. त्याला उपाय एकच. माहेरी खोटा निरोप पाठवायचा की बाई मेली. माहेरची माणसं खरी रडली पाहिजेत. मरणाला वाटते काम झालं, ते आल्या वाटेनं परत जाते. मग संध्याकाळच्या आत खरा निरोप पाठवायचा. माझ्या आईच्या वेळेस केलं होतं, त्यावर ती पुष्कळ जगली, मला जास्तच वाटली.

माहेर देवळीचं. भाऊ गेला, भाचा वामन आहे, स्टँडजवळ किराण्याचं दुकान. शांतानं सकाळच्या एस्टीनं शेजारच्या गंगारामला पिटाळलं. मी म्हटलं, येताना गूळ आणजो रे, माझं मरण रिकामं जाऊ देऊ नको.

सु. शिकलेली. "आजी, हे काय चाललं आहे?" म्हणाली. पण थांबवलं तिनंही नाही.

१६ नोव्हें. ७७

काल गंगाराम रिकाम्या हातानं आला, निरोप ऐकला अन् वामननं दुकानच बंद केलं म्हणे. खरा निरोप घेऊन संध्याकाळी निघाला तर एस्टी रस्त्यातच बसली, तोही परत. म्हणजे मी रात्रभर मेलेलीच राहिले.

सकाळी वामन आला. हातात पांढरं कापड, डोळे सुजलेले. मी ओट्यावर तूर निवडत होते.

"आत्या! तू जिती काऊन?"

"बस बाप्पा. चहा घे, मग सांगते."

रागानं लाल झाला. रडण्यात अर्धा दिवस गेला म्हणाला. मग चहा पिताना सांगितलं की रडायच्या आधी त्यानं पहिलं काम केलं, पोस्टात जाऊन दि.ला मुंबईला तार केली. आजी गेली, निघून ये. वामन आयुष्यात कधी चपळ नव्हता. काल झाला.

सु. तशीच उठून वर्ध्याला गेली, दुसरी तार करायला.

१८ नोव्हें. ७७

दुसरी तार पोचायच्या आत तो गाडीत बसला होता.

दुपारी आला. कॅमेऱ्याची पेटी खांद्यावर. दारात उभा राहिला अन् मी त्याला ओळखलंच नाही. डोकं गुळगुळीत. बाप नाही, म्हणजे माझ्या आगीचा मान त्याचा. आग तर चुकली, निदान मुंडण तरी, म्हणून वर्ध्याला स्टेशनाबाहेर निंबाखाली बसून भादरून घेतलं. मिशीसकट.

पेटी खाली ठेवली. माझ्या पायाला हात लावला, मग मनगटाला. धरून पाहिलं. भिंतीला टेकून बसला अन् हसायला लागला. हसता हसता रडला.

"अरे, मी मेले नाई. आता काऊन रडून राह्यला?"

शांता आत तोंडात पदर कोंबून. तिला कोणी काही म्हणालं नाही. म्हणणार काय, मी जिती तर आहे ना.

२५ नोव्हें. ७७

शिंदे १९ला मागच्या गाडीनं आला. दारातच म्हणाला, "दिन्या, तुझे केस कुठे आहेत?"

ऊन चांगलं. पऱ्हाटी पांढरी. कॅमेरा घरात. आजी जिती, तेच लुगडं नेसून तयार. अन् हिरोला केस नाहीत.

फेटा बांधून पाहिला. पण तो बोडक्यानं गेला होता, टोपी फेकून, तर परतही बोडक्यानंच आला पाहिजे, त्यातच गोष्ट आहे म्हणे. सुधानं तिचं गंगावन काढून दिलं. डिंकानं लावलं. पोरगं नवरीसारखं दिसायला लागलं. शिंदे म्हणाला, मुंडणासकट घेऊ, गोष्टीत वर्षं गेलीच आहेत.

दि. म्हणाला, "मुंडण करून घरी येणारा माणूस दिसला की आपल्याकडचा कोणीही पयले इचारंल, कोण मेलं? अन् आजी तर समोर उभी."

हे खरं होतं. मीही तेच विचारलं असतं.

कॅमेरा चार दिवस अंगणात बसून राहिला पाहुण्यासारखा. मग गेला. दि. रोज सकाळी डोक्यावरून हात फिरवून पाहायचा.

३० एप्रिल ७८

दि. लग्नाचे पिक्चर काढतो. वर्धा, हिंगणघाट, पुलगाव. श्रीमंत शेतकरी अन् कापडवाले. परवा एका वरबापानं सांगितलं, माझ्या मेव्हण्याला यात येऊ द्यायचं नाही, भांडण आहे. मेव्हणा हुशार, पूर्ण लग्नभर नवऱ्या मुलाच्या मागं उभा. दि. म्हणाला, मेव्हण्यानं सगळ्यांपेक्षा चांगलं काम केलं.

हे सांगताना हसला जरा. किती दिवसांनी.

केस आले आहेत. कापूस नाही.

६ डिसेंबर ७८

सगळं जुळलं होतं. शिंदे निघाला म्हणून पत्र होतं. अन् काल सांजेपासून अवकाळी. पऱ्हाटीवरचा कापूस भिजून काळा, खाली लोंबते. शांता वावरातून चिखलाच्या पायानं आली, ओट्यावर बसली. तिचं नुकसान अन् त्याचं नुकसान एकाच वावरात.

दि.नं शिंद्याला येऊ नको कळवलं.

(तारीख सु. विसरली. दिवाळीनंतर, ८०)

दि. मुंबईला, वर्ष झालं. देवादिकांच्या पिक्चरमध्ये कामाला आहे. काय काम? धूर सोडतो. देव प्रकट व्हायचा असला की खालून धूर पाहिजे. सुट्टीत आला होता, सांगत होता की देवाला खोकला येतो, मग पुन्हा काढतात. सु.ला हसू आलं. नंतर चुलीपाशी एकटीच बसली. तिची बदली मुंबईला होत नाही, त्याचा जीव तिथं लागत नाही. लेकरू नाही. शांता कधी बोलते, मी तिला डोळे दाखवते.

निघताना मला म्हणाला, "आजी, लुगडं जपून ठेव."

"ठेवलं. तू डोकं जपून ठेव."

१४ जानेवारी ८२

संक्रांत. मुंबई सोडून आला. एवढंच म्हणाला, धूर पुरे झाला.

यंदा त्या वावरात ज्वारी आहे. शांता म्हणाली, जमिनीलेही पालट लागते, पिक्चरची जमीन आहे काय ते. बरोबर आहे तिचं. तो ज्वारीकडं पाहत उभा होता. मी म्हटलं, हिरो ज्वारीतून आला तर? म्हणाला, "दिसंलच नाई आजी. फक्त कणसं हालतीन."

तिळगूळ घेतला नाही. दात दुखतो म्हणाला.

३ ऑक्टोबर ८३

खताच्या कंपनीसाठी पिक्चर काढलं. पोतं घेऊन शेतकरी हसतो. पोतं वावरात ठेवलं की पुढच्याच चित्रात पीक कमरेएवढं. मी म्हटलं, मधला पाऊस कुठं गेला?

टीव्हीवर शेतीचं दाखवतात तेही अधूनमधून काढतो. ग्रामपंचायतीत सगळं गाव बसलं होतं. शेवटी त्याच्या नावाची पाटी आली म्हणे, इतक्या चपळाईनं गेली की सुधालाही नीट वाचता नाही आली. गंगारामनं टाळ्या वाजवल्या, तोवर बातम्या लागल्या होत्या.

कोणी विचारते, दिनकरभाऊ, आपल्या गावातल्या पिक्चरचं काय झालं? तर "होते कधीतरी" म्हणतो. आधी "होईलच" म्हणायचा.

थकला. मीही.

८ नोव्हेंबर ८४

आज सु.नं पकडलं.

मला ताटातली भाजी चाचपून घ्यावी लागते. डोळ्यांवर सायीसारखं आलं आहे. उजवा तर गेल्या पोळ्यापासूनच. पोळ्याला दारात बैल आले, मी खुरांच्या आवाजावर कुंकू लावलं, शिंगाऐवजी धन्याच्या नाकाला लागलं. सगळ्यांना वाटलं मी गंमत केली. मीही वाटू दिलं.

सु. म्हणाली, "आजी, मोतीबिंदू आहे. वर्ध्याला शिबिर असते, साधं ऑपरेशन. तुम्ही मागच्या वर्षीही नाही म्हणाल्या. भीती वाटते?"

"भीती कशाची? मी एकदा मेलेली बाई आहे."

"मग काऊन?" मास्तरीण रागावली की माझ्यासारखंच बोलते.

सांगावं लागलं. ऑपरेशन झालं की बाटलीच्या बुडासारखा चष्मा लागते. गंगारामच्या मायला लागला, काढला की ती भिंतीला नमस्कार करते. पिक्चरमधल्या आजीला चष्मा नाही. वावर आहे, लुगडं आहे, दि.चे केस विरळ झाले पण आहेत. आता मी चष्मा लावून उभी राहिले तर तो मला म्हणेल, राहू दे आजी. मग ते कायमचं राहील. यंदा पऱ्हाटी आहे. यंदा झालं की जाते म्हटलं शिबिराला.

सु.नं लेखणी ठेवून दिली होती. हे मी नंतर लिहवून घेतलं. त्याला सांगू नको म्हटलं.

९ नोव्हें. ८४

सांगितलं तिनं.

दि. आला, माझ्या समोर बसला. मला नुसता अंधुक आकार. मग उठला, म्हणाला, शिंद्याला तार करतो.

मी म्हटलं, "वामनकडून करू नको."

२ डिसेंबर ८४

शिंदे आला. आता त्याच्या स्वतःच्या मालकीचा कॅमेरा आहे, पोटही आहे. शांतानं सगळं वावर वेचलं, धुऱ्याजवळची पट्टी तेवढी दि.साठी राखली. मजुरणी विचारतात, हे काय देवाचं ठेवलं काय?

४ डिसेंबर ८४

झालं. म्हणजे काय झालं ते मला माहीत नाही.

सकाळी लुगडं नेसले. विरलं आहे, सु.नं आतून ठिगळ लावलं. धुऱ्यावर उभी केली. दि.नं माझी हनुवटी धरून तोंड फिरवलं, "आजी, मी तिकडून येईन. तिकडं पाहायचं. बोलायचं नाई, हलायचं नाई."

"हाव."

तो गेला. माझ्यासमोर पांढरं. पऱ्हाटीचं पांढरं का डोळ्यातलं, कोण जाणे. शिंदे काही ओरडला. मग कॅमेऱ्याची कुरकुर.

वाट पाहिली. पुष्कळ वाटली, सु. म्हणते थोडीच होती. मग पऱ्हाटी वाजली. पण डावीकडून. मी म्हणाले असते हा दि. असेल, पण चाल त्याची नव्हती. जड होती, थांबत थांबत येणारी. मला वाटलं कोणी दुसरंच येते. माझं तोंड फिरलं अन् माझ्या तोंडून निघालं, "कोण हाय?"

पाऊल थांबलं.

कुरकुर चालूच होती. मी पुन्हा विचारलं, "कोण हाय ते? बोलत काऊन नाई?"

तेव्हा शिंद्यानं बंद केलं. दि. जवळ आला, हात धरला, तेव्हा कळलं तोच होता. हात ओला होता. मी म्हटलं, अरे बाप्पा, मी बोलले. पुन्हा काढ. शिंदे हळू म्हणाला, रीळ संपलं आजी, तेवढंच होतं.

याही कॅमेऱ्यात आवाज भरत नाही हे ठीक. पण तोंड हललेलं दिसते. मान वळलेली दिसते.

१० डिसेंबर ८४

रीळ मुंबईला धुवायला गेलं. धुतल्याशिवाय दिसत नाही.

शिंदे जाताना म्हणाला, कदाचित तेच बरोबर निघेल. दि. म्हणाला, कदाचित. सु. म्हणते, छान झालं आजी. माझ्या करपलेल्या पोळीलाही ती छान म्हणते.

२९ डिसेंबर ८४

शिबिर लागलं वर्ध्याला. सु.नं नाव दिलं. तिच्या माहेरी, नालवाडीला, राहायचं ठरवलं.

मी म्हटलं रीळ येऊ द्या. बिघडलं असलं तर पुन्हा उभी राहते. पट्टी तशीच आहे ना, कापूस अजून झाडावर आहे. शिंद्याला थोडं रीळ आणायला सांगा. शिबिर पुढच्या वर्षीही लागंल.

"पुढच्या वर्षी नाई," दि. म्हणाला.

"तू कोण ठरवणारा? पिक्चरमध्ये मीही आहे."

"आजी, तुले मी दिसलो नाई."

"आवाज तर आला. दुसऱ्यांदा नीट ओळखीन."

उठून गेला.

शांता म्हणाली, आत्याबाई, हट्ट कोणाचा घेतला यानं? मी म्हटलं, मायकडूनच घेतला असंल त्यानं.

५ जानेवारी ८५

मुंबईहून काही नाही.

सु.नं पिशवी भरून खाटेखाली ठेवली आहे. मी पायानं मागं सारते, ती पुढं ओढते. उद्याची एस्टी म्हणते. मी हो म्हटलं नाही.

आज सकाळी ओट्यावर बसले होते. ऊन अंगावर येत होतं तेवढं कळत होतं. वावराकडून बायांचा आवाज आला. हसणं, कोणाला तरी चिडवणं, मधेच कोणी गाणं धरलं, सोडलं.

"कोण आहेत वं त्या?"

सु. म्हणाली, "वेचणीवाल्या."

"आता कोणाच्या वावरात राहिला कापूस?"

ती ओटा झाडायला लागली.

"सुधा. कोणाच्या?"

"आपल्या. धुऱ्याजवळचा."

"शांतानं लावल्या?"

"नाई. ह्यांनी. ते पण वेचून राह्यले त्यांच्याबरोबर."

बाया जोरात हसल्या, बहुतेक त्याच्या वेचण्याला. तो कधी नीट वेचायला शिकला नाही, कापसात काडी-कचरा सोडतो. मी ऐकत बसले. उन्हं चढली तसा आवाज धुऱ्याच्या या टोकाकडून त्या टोकाकडं सरकत गेला.

सु. विचारते, आणखी काय लिहू. थांब म्हटलं. तो येऊन राह्यला आहे, चाल ओळखू येते.